नावगाव : नांदेड व लातूर जिल्ह्यांतील नामसंग्रहाची प्रस्तावना

सबंध महाराष्ट्राचा विस्तार समोर असता केवळ नांदेड आणि लातूर या दोन जिल्ह्यांच्या सीमेत राहून व्यक्तिनामांचा व आडनावांचा संग्रह करण्याचे प्रयोजन काय, असा प्रश्न चोखंदळ वाचकाच्या मनात प्रथम उभा राहील, आणि त्याचे उत्तर १९५६ सालच्या राज्यपुनर्रचना कायद्याच्या आठव्या कलमात जितके नेमके सापडते तितके अन्यत्र कोठेही सापडत नाही. त्या कलमान्वये नांदेड जिल्हा मुंबई राज्यात आला, परंतु देगलूर तालुक्यातील बिचकुंदा व जुक्कल ही सर्कले आणि मुधोळ तालुक्यातील मुधोळ, भैंसा व कुबीर ही सर्कले मागे राहिली. उलट किनवट तालुका आणि इस्लापूर सर्कल ही आदिलाबादेतून इकडे आली, आणि अहमदपूर, निलंगा व उदगीर हे तीन तालुके बिदर जिल्ह्यातून काढून उस्मानाबादेस जोडण्यात आले. त्याच उस्मानाबादेतून पुढे १६ ऑगस्ट १९८२ रोजी लातूर जिल्हा वेगळा झाला. कायद्याने सर्कले वाटली, तालुके वाटले, दफ्तरेही वाटली. परंतु सोयरिकी, कुलदैवते आणि नावे यांची वाटणी कोणत्याही सरकारास करता आली नाही. म्हणून बिलोली-धर्माबादेत तेलुगू, उदगीर-निलंग्यात कानडी, किनवट-माहुरात गोंडी व गोरमाटी, आणि सर्वत्र दखनी अशा अनेक भाषांची नावे एकाच मराठी हजेरीपटावर शेजारी शेजारी बसलेली दिसतात. नामाभ्यासाला यापेक्षा सुपीक जमीन मिळणे कठीण आहे.

या संग्रहाच्या मुळाशी जो एक विचार आहे तो येथेच सांगून टाकावा हे बरे. व्यक्तिनाम घरातून येते. ते आत्या ठेवते, जोशी नक्षत्राचे अक्षर सांगतो, आजी नवसाची आठवण करून देते. आडनाव मात्र बहुधा बाहेरून येते. ते शेजारच्या गावाने, दरबाराने, तहसिलातील कारकुनाने, शाळेच्या मास्तराने किंवा परभाषिक शेजाऱ्याने ठेवलेले असते, आणि मागाहून घराण्याने ते आपले म्हणून स्वीकारलेले असते. आडनावावरून पूर्वजांचा पराक्रम शोधणारी मंडळी आपल्याकडे पुष्कळ आहेत. त्यांचा हिरमोड करण्याचा हेतू नाही, परंतु आडनाव पूर्वज कोण होते हे क्वचितच सांगते, आणि पूर्वजांकडे कोण कोठून पाहत होता हे जवळजवळ नेहमी सांगते.

निजामी अमलातील एखादा जुना कागद उलगडून पाहावा. ‘मारुती वल्द गोविंदा, कौम मराठा, पेशा जराअत, साकीन मौजे अमुक’ अशा धाटणीची ओळ त्यात आढळते. इसमाचे नाव, बापाचे नाव, जात, धंदा आणि वस्तीचे गाव इतके सारे तेथे आहे. नाही ते फक्त आडनाव. सरकारला सारा वसूल करावयाचा होता आणि त्यासाठी एवढी ओळख पुरेशी होती. गावाला तर याहूनही कमी पुरे होई, कारण गावात दोन मारुती असले तर एक थोरला आणि एक धाकटा, किंवा एक वेशीजवळचा आणि एक मळ्यातला, एवढ्यावर व्यवहार सुखेनैव चाले. २०२३ साली न्यायमूर्ती संदीप शिंदे यांच्या समितीने मराठवाड्यातील मोडी, उर्दू व फारसी दफ्तरे कुणबी नोंदींसाठी तपासावयास घेतली, तेव्हा ज्या कुटुंबांनी पूर्वी कधी तहसिलाच्या अभिलेखागाराची पायरी चढली नव्हती ती पणजोबाचे नाव शोधीत तेथे येऊन बसली. आणि पणजोबा सापडला तरी त्याच्या पुढे आडनाव नाही, तेव्हा हा पणजोबा आपलाच हे ठरवावयाचे कसे, असा पेच त्यांच्यापुढे पडू लागला. त्या पेचात राजकारण किती आणि न्याय किती याचा निवाडा करण्याचे हे स्थळ नव्हे. नामाभ्यासकाला मात्र त्यातून एवढे स्वच्छ दिसते की, येथील बहुसंख्य शेतकऱ्यांचे आडनाव कागदावर तरी फारसे जुने नाही. ते प्रायः शाळेच्या दाखलखारीज रजिस्टरातून घरात आले. मास्तरांना तिसरा रकाना भरावयाचा होता. मुलाला घेऊन आलेल्या चुलत्याने जे सांगितले, किंवा न सांगितल्यामुळे मास्तरांना जे सुचले, ते त्यात पडले. एका भावाने कुळाचे आणि दुसऱ्याने गावाचे आडनाव लावावे, आणि दोन पिढ्यांनंतर त्यांच्या नातवंडांना आपण एकाच आजोबांची हे वंशावळ मांडून सिद्ध करावे लागावे, हा प्रकार इकडे विरळ नाही.

या बाबतीत मराठवाडा जगावेगळा आहे असे मुळीच नाही. ऑस्ट्रियाच्या दुसऱ्या जोसेफने १७८७ साली आपल्या राज्यातील ज्यूंना कायमची आडनावे घेण्याचा हुकूम काढला. फिलिपाइन्समध्ये १८४९ साली स्पॅनिश गव्हर्नर क्लाव्हेरिया याने आडनावांची एक छापील यादीच प्रांतोप्रांती धाडली, आणि काही गावांना त्या यादीची एकेक पाने वाटून दिल्यामुळे सबंध गावाची आडनावे एकाच अक्षराने सुरू होण्याचा चमत्कार तेथे घडला. जपानात सामान्य प्रजेला आडनाव सक्तीचे झाले ते १८७५ साली. तुर्कस्तानात १९३४ चा आडनावांचा कायदा आला, आणि त्याच वर्षी खुद्द मुस्तफा केमाल यांना तेथील विधिमंडळाने ‘अतातुर्क’ हे आडनाव दिले. गोव्यात सोळाव्या शतकापासून बाप्तिस्म्याबरोबर पोर्तुगीज आडनाव येई. सैन्यभरती, करवसुली, शाळा अथवा धर्मांतर, यांपैकी कोणत्या तरी एका वहीत नाव चढवावयाचे असल्यावाचून मनुष्यजातीला आडनावाची गरज फारशी भासलेली दिसत नाही.

आता ‘कर’ या प्रत्ययाकडे वळू. मराठी आडनावांचा हा सर्वांत परिचित साचा, आणि त्याविषयीचा सर्वांत प्रचलित गैरसमज असा की, कंधारकर म्हणजे कंधारात राहणारा. वस्तुतः कंधारात सगळेच कंधारचे. तेथे कोणाला कंधारकर म्हणून वेगळे ओळखण्याचे कारण काय? मनुष्य गाव सोडून नांदेडला, हैदराबादेस किंवा पुण्यास जातो, तेथील लोक त्याला विचारतात ‘कोठले?’, आणि त्या प्रश्नाचे उत्तर त्याच्या नावाला कायमचे चिकटते. ‘कर’ हे मागे सोडलेल्या गावाचे आडनाव आहे. नांदेडच्या पीपल्स कॉलेजचे प्राचार्य आणि मराठीतील एक प्रखर विचारवंत नरहर कुरुंदकर यांचे आडनाव वसमत तालुक्यातील कुरुंद्यावरून आले. त्यांचे मामा, उस्मानिया विद्यापीठात मराठीचे अध्यापन करणारे कवी व संशोधक ना. गो. नांदापूरकर यांचे आडनाव त्याच परिसरातील नांदापुरावरून. मामा-भाच्यांची कीर्ती हैदराबाद आणि नांदेड येथे झाली, आणि त्या कीर्तीबरोबर दोन खेड्यांची नावे, त्या खेड्यांनी काही न करता, मराठी वाङ्मयाच्या इतिहासात जाऊन बसली.

येथे एका जुन्या राजघराण्याची आठवण अनिवार होते. मान्यखेटाहून दक्षिणेवर राज्य करणारे राष्ट्रकूट आपल्या ताम्रपटांतून स्वतःला ‘लत्तलूरपुरवराधीश्वर’ म्हणवीत. हे लत्तलूर म्हणजे आजचे लातूर असे विद्वानांनी सामान्यतः मानले आहे. पुढे सौंदत्तीच्या रट्टांनीही तीच बिरुदावली मिरविली. राज्य कोठे, राजधानी कोठे, आणि अभिमान मात्र मागे सुटलेल्या लत्तलूरचा! बिरुदाचा संस्कृत डामडौल काढून टाकला तर हे सम्राट लातूरकर होते, एवढाच त्याचा मथितार्थ उरतो. ज्या वाचकांना आपले ‘कर’ आडनाव साधे वाटत असेल त्यांनी या पूर्वपीठिकेवर समाधान मानावे.

अरबी-फारसी परंपरेतील ‘ई’ हा नेमका याच कामाचा प्रत्यय. सिराज औरंगाबादी हा दखनी-उर्दू कवी आणि एखादा औरंगाबादकर यांच्या नावांत लिपीखेरीज अंतर थोडेच आहे, आणि दोन्ही रीती मराठवाड्यात शतकानुशतके एकाच बाजारपेठेत नांदल्या. कर्नाटकाच्या बाजूने आलेली गावेही ‘कर’ने आपलीशी केली. स्वामी रामानंद तीर्थ यांचे पूर्वाश्रमीचे नाव व्यंकटेश भगवानराव खेडगीकर. त्यांचा जन्म १९०३ साली विजापूर जिल्ह्यातील सिंदगी येथला. ‘गी’ने संपणारी गावे कानडी मुलखात ठायी ठायी भेटतात, त्यांतील एका गावाला मराठी प्रत्यय लागून घडलेले आडनाव धारण करणारा माणूस हिप्परग्याच्या राष्ट्रीय शाळेत शिकवितो आणि हैदराबादच्या मुक्तिसंग्रामाचे नेतृत्व करतो, ही गोष्ट या प्रदेशाच्या घडणीविषयी पुष्कळ काही सांगून जाते.

‘कर’ला आणखी एक काम मराठवाड्याने दिले. शिवाजीराव पाटील निलंगेकर १९८५ साली राज्याचे मुख्यमंत्री झाले. शिवराज पाटील चाकूरकर लोकसभेचे सभापती व पुढे केंद्रीय गृहमंत्री झाले. पहिले मराठा, दुसरे लिंगायत, दोघेही पाटील. पाटील हा गावचा अधिकार होता, आणि ज्या गावात ज्या समाजाचे प्राबल्य त्या समाजाकडे तो असे, म्हणून पाटलांत मराठे आहेत, लिंगायत आहेत, मुसलमानही आहेत. देशमुखांचीही तीच कथा. अशा वेळी नुसते ‘पाटील’ म्हणून कोणाची ओळख पटणार? म्हणून अधिकार मध्ये आणि गाव शेवटी, अशी दुहेरी रचना इकडे रूढ झाली. नांदेड जिल्ह्यातील राजकीय सभेची कार्यक्रमपत्रिका उघडली तर ती वतनांची आणि मौजांची जंत्रीच वाटावी. शिवाय बोलण्यातला ‘पाटील’ आता अधिकारापासून पुरता सुटला आहे. चार एकर कोरडवाहू असलेल्या शेतकऱ्यालाही बाजारात ‘काय पाटील, तूर काढली का?’ असेच विचारतात, आणि त्यात उपहास नसतो.

वतनदारी व कारकुनी आडनावांविषयी फार लिहिण्याचे कारण नाही, कारण ती महाराष्ट्रभर सारखीच आहेत आणि त्यांचा अर्थ शाळकरी मुलांनाही ठाऊक असतो. परगण्याचा मुख्य तो देशमुख, त्याचे हिशेब ठेवणारा देशपांडे. गावी तीच जोडी पाटील-कुलकर्ण्यांची. फारसी ‘नवीस’ म्हणजे लिहिणारा, त्याचा ‘नीस’ होऊन फडणीस, चिटणीस, सबनीस, पोतनीस, पारसनीस अशी लेखणीची घराणी निर्माण झाली. इनामदार, जहागीरदार, पोतदार, मिरासदार, पेशकार, जमादार यांचे तसेच. निजामाच्या मुलखात या पदांचा अस्त मात्र आपल्या पद्धतीने झाला. १८५३ साली दिवाणगिरीवर आलेल्या पहिल्या सालारजंगाने मक्त्याने सारा वसूल करण्याची रीत मोडीत काढून १८६५ च्या सुमारास जिलाबंदी केली, पगारी तालुकदार नेमले, आणि देशमुख-देशपांड्यांच्या हाती वसुलीऐवजी रुसूम ठेवला. पोलीस कारवाईनंतर १९४९ साली जहागिरी खालसा झाल्या. काम गेले, मग उत्पन्न गेले, आणि आडनाव राहिले. मक्तेदाराला इकडे ‘गुत्तेदार’ म्हणत, आणि तो शब्द मात्र मोठा चिवट निघाला: कर्नाटकाच्या बाजूस तो आडनाव झाला, आणि नांदेड-लातुरात आजही रस्त्याचे काम घेणारा तो गुत्तेदारच.

नांदेडच्या पूर्वेकडील तालुक्यांत पाऊल टाकताच एक निराळा साचा भेटतो. चिद्रावार, गुंडावार, मामीडवार, येरावार: बहुतांशी वैश्य घराण्यांची, पण केवळ त्यांचीच नव्हेत, अशी ही ‘वार’ आडनावे नांदेडच्या जुन्या बाजारपेठेतील दुकानांच्या पाट्यांवर ओळीने दिसतात. तेलुगू भाषिकांत ‘इंटिपेरु’ म्हणजे घराचे नाव व्यक्तिनामाच्या आधी येते. पामुलपर्ती वेंकट नरसिंहराव या नावात पामुलपर्ती हे घर पहिले, माणूस शेवटी. हीच घरनावे गोदावरीच्या या अंगास आली तेव्हा मराठी रीतीप्रमाणे ती शेवटी गेली, आणि तेलुगूतील आदरार्थी ‘वारु’ हा त्यांच्या पाठीशी ‘वार’ होऊन कायमचा बसला. मामिडि म्हणजे आंबा. एखाद्या दारच्या आंब्यावरून पडलेले घराचे नाव असावे, असा तर्क सहज होतो. त्याच कुळातील जी मंडळी बासर-निर्मलकडे राहिली त्यांनी ‘वार’ लावला नाही. ‘वार’ हा, म्हणजे, मराठी शेजाराची खूण आहे. मराठीने दिलेली, पण तेलुगूतूनच उचललेली.

उदगीर, निलंगा, औसा या बाजूस अप्पा, अण्णा, अव्वा आणि अय्या यांचे राज्य. बाराव्या शतकातील बसवेश्वरांचे कल्याण येथून दूर नाही. बसवप्पा, सिद्रामप्पा, गुरुलिंगप्पा, शिवलिंग, मन्मथ ही नावे लिंगायत घरांत आजही आहेत, आणि जंगमांच्या घरी ‘स्वामी’ हेच आडनाव. परंतु अप्पा-अव्वा हे एका पंथाचे मिरासदार नाहीत. माहूरची रेणुका दक्षिणेत यल्लम्मा होते, म्हणून एकाच देवीच्या नवसाने झालेला मुलगा माहुराकडे रेणुकादास आणि सीमेकडे यल्लप्पा. निलंग्यात १९१० साली जन्मलेल्या इतिहासकार सेतुमाधवराव पगडींचे नाव घ्या: सेतुमाधव हे रामेश्वराशी निगडित असलेले विष्णूचे नाव, कर्नाटकी वैष्णव घरांत रुळलेले, त्याला लागलेला ‘राव’ मराठी-तेलुगू दोघांचा, आणि हे नाव धारण करणारे गृहस्थ अरबी-फारसी साधनांतून मराठ्यांचा इतिहास लिहिणार. पगडींचे चरित्र त्यांच्या नावातच होते असे म्हणणे ज्योतिषाच्या वाटेने जाणे होईल, परंतु निलंग्याचे होते हे निश्चित.

कुळांच्या आडनावांविषयी दोन शब्द सावधगिरीचे. कदम म्हणजे कदंब, चाळके म्हणजे चालुक्य, मोरे म्हणजे मौर्य, जाधव म्हणजे यादव अशी समीकरणे इतिहासाचार्य राजवाडे यांच्या काळापासून मांडली गेली आहेत. त्यांपैकी काहींना भाषाशास्त्राचा आधार आहे. परंतु राजघराण्याचे नाव प्रजेने, सैनिकाने, कुळवाड्याने घेणे ही जगभरची रीत असल्यामुळे आडनाव सारखे म्हणजे रक्त एक, असा निष्कर्ष काढता येत नाही. किनवट, माहूर, मुखेड भागातील तांड्यांत हे विशेष प्रत्ययास येते. बंजारा समाजातील वडतिया गोताची मंडळी महाराष्ट्रात जाधव लिहितात. चव्हाण, पवार, राठोड हीही त्यांची गोते. नांदेडच्याच वाड्यातील चव्हाण आणि तांड्यातील चव्हाण यांच्यात आडनावाखेरीज काही समान असेलच असे नाही, आणि हद्दीपलीकडे तेलंगणात त्याच तांड्याचा सोयरा ‘नायक’ लिहितो.

गोंडांची गोष्ट मात्र माझ्या वर सांगितलेल्या विचाराला छेद देणारी आहे, म्हणून ती टाळता येत नाही. किनवट-माहुरातील मडावी, आत्राम, सिडाम, पेंदोर ही आडनावे कोणत्याही मास्तराने दिलेली नाहीत. गोंड समाज चार, पाच, सहा वा सात देवांच्या ‘सगां’त विभागलेला आहे, आडनावावरून माणूस किती देवांचा हे कळते, आणि समान देवसंख्येच्या घरांत लग्न होत नाही. शेजारच्या आदिलाबादेतील राजगोंडांवर फ्युरर-हायमेंडॉर्फ यांनी १९४० च्या दशकात जो अभ्यास केला त्यात या व्यवस्थेचे सविस्तर वर्णन आहे. येथे आडनाव हे आतून आलेले, आपसांत ओळखण्याचे आणि सोयरीक ठरविण्याचे शास्त्र आहे. सरकारी रकान्याच्या पुष्कळ आधीचे.

व्यक्तिनामे हा या संग्रहाचा मोठा भाग, आणि संपादकाच्या आनंदाचाही. इकडे गोदावरीला गंगाच म्हणतात, म्हणून गंगाधर, गंगाराम, गंगाबाई. माळेगावच्या यात्रेमुळे खंडू, खंडेराव, मल्हारी, मार्तंड. माहूरच्या दत्तामुळे दत्ता आणि दत्तराव. औंढ्याच्या व वडवळच्या नागनाथामुळे नागनाथ, नागोराव. लातूरच्या ग्रामदैवतामुळे सिद्धेश्वर. आणि तिरुपती कोसोगणती दूर असता बालाजी, व्यंकट, व्यंकटी हे घरोघर. सीमेवर पोचम्मा या तेलुगू ग्रामदेवीचा मुलगा ‘पोचीराम’ होतो: देवी तेलुगूची, राम सर्वांचा. पिराच्या नवसाने झालेला तो पिराजी किंवा फकीरा, मग घर हिंदूचे का असेना. भोसल्यांच्या घरी शहाजी व शरीफजी ही नावे अहमदनगरच्या शाह शरीफ यांच्यावरून ठेवली गेली अशी परंपरा प्रसिद्धच आहे, आणि कंधारच्या सरवर मखदूम यांच्या दर्ग्याच्या परिसरात त्या परंपरेचे कोणास नवल वाटणार नाही. सटवाईच्या रात्री जे मूल वाचले ते सटवाजी किंवा सटवाबाई. जी आधी गेली त्यांच्यामागून आलेले धोंडू, दगडू, कचरू, उकिर्डा. मृत्यूला फसविण्यासाठी मुलाला टाकाऊ ठरविण्याची ही युक्ती पृथ्वीच्या पाठीवर बहुतेक ठिकाणी आढळते. मुलींच्या बाबतीत मात्र ‘नकुशा’त युक्ती नाही, सरळ नकार आहे, साताऱ्यात २०११ साली अशा मुलींना समारंभपूर्वक नवी नावे देण्यात आली.

स्त्रीनामांतील एका प्रकाराकडे मी वाचकांचे लक्ष वेधीन. काशीबाई, प्रयागबाई, गयाबाई, मथुराबाई, द्वारकाबाई ही मागच्या पिढीतील नावे या दोन जिल्ह्यांत इतकी आहेत की तीर्थक्षेत्रांचा नकाशा एखाद्या वाडीतच मांडता यावा. पुरुषांना देवांची नावे, स्त्रियांना तीर्थांची. आणि ज्यांना ती नावे मिळाली त्यांतील बहुतेकींचा प्रवास माहेर, सासर आणि पंढरीची वारी यापलीकडे गेला नाही. लग्नात ताटातील तांदळावर अंगठीने नवे नाव लिहिले गेले की हे तीर्थही अनेकदा पुसले जाई. उखाण्यात नवऱ्याचे नाव मोठ्या चतुराईने गुंफणाऱ्या या स्त्रियांची स्वतःची पहिली नावे मिळविणे हे या कामातील सर्वांत अवघड ठरले.

उरते ती स्वतः निवडलेल्या नावांची कथा. १७०८ साली नांदेडला गोदातीरी माधोदास नावाच्या बैराग्याची गुरू गोविंदसिंग यांच्याशी भेट झाली. राजौरीकडील लक्ष्मणदेव बैरागी होऊन माधोदास झाला होता. या भेटीनंतर त्याने स्वतःला गुरूंचा ‘बंदा’ म्हणविले, आणि पंजाबच्या इतिहासाने त्याला बंदासिंग बहादूर म्हणून ओळखले. जातिवाचक आडनावे पुसून ‘सिंग’ व ‘कौर’ ही सर्वांची नावे करण्याचा १६९९ चा संकल्प नांदेडच्या दखनी शीख घरांतून आजही चालू आहे. परभणीचे कवी-कथाकार भगवान रघुनाथ कुलकर्णी यांनी कुलकर्णीपण बाजूस ठेवून, जणू जुन्या ‘वल्द’च्याच पद्धतीने, बी. रघुनाथ एवढेच नाव साहित्यात राखले. आणि १४ ऑक्टोबर १९५६ च्या धम्मदीक्षेनंतर सिद्धार्थ, गौतम, राहुल, मिलिंद, सुजाता, संघमित्रा ही नावे कांबळे, सोनकांबळे, वाघमारे, गायकवाड यांच्या घरांत आली, तेव्हा दगडू-कचरूंची परंपरा एका पिढीत थांबली. आडनावे तीच राहिली. व्यक्तिनाम आपल्या हाती होते, ते बदलले.

याच भूमीत एका नावासाठी रक्त सांडले, हे सांगितल्यावाचून ही प्रस्तावना पुरी करणे अप्रामाणिकपणाचे होईल. २७ जुलै १९७८ रोजी राज्याच्या विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे नाव देण्याचा ठराव केला, आणि त्यानंतर मराठवाड्यात, विशेषतः नांदेड जिल्ह्यात, दलित वस्त्यांवर जे हल्ले झाले त्यांत टेंभुर्णीचे पोचीराम कांबळे मारले गेले. पंधरा वर्षांनी, १९९३ साली, त्याच मागणीसाठी गौतम वाघमारे यांनी नांदेडात आत्मबलिदान केले. १४ जानेवारी १९९४ रोजी ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर मराठवाडा विद्यापीठ’ असा नामविस्तार झाला. त्याच वर्षीच्या १७ सप्टेंबरला नांदेडात स्वामी रामानंद तीर्थांच्या नावाचे दुसरे विद्यापीठ उभे राहिले. नावात काय आहे, असे विचारणारा विद्वान मला या जिल्ह्यांत तरी भेटलेला नाही.

आता रचनेविषयी थोडे. नोंदींचा अनुक्रम आडनावांच्या नव्हे, व्यक्तिनामांच्या अकारविल्हे लावला आहे. आइसलंडात घराण्याची आडनावे नसल्यामुळे तेथील दूरध्वनीची यादी पहिल्या नावानेच लावीत. आपल्याकडील जुन्या दफ्तरांना हीच रीत मानवते, आणि आडनावाच्या अनुक्रमाने निम्मा ग्रंथ पाटील व कांबळे यांतच अडकून पडला असता. व्युत्पत्ती जेथे निश्चित तेथेच दिली आहे; घराण्यात सांगितली जाणारी कथा निराळी असल्यास ती ‘घरची कथा’ म्हणून शेजारी छापली आहे. शासनाने १ मे २०२४ पासून जन्मणाऱ्या मुलांच्या नावात वडिलांच्या नावाआधी आईचे नाव घालण्याचे ठरविले आहे. ती रीत स्वीकारून प्रत्येक नोंदीत आईच्या नावासाठी रकाना ठेवला, आणि जुन्या नोंदींत तो बहुतेक रिकामा राहिला, कारण वल्द सर्वांना होता, आईविषयी कागदाने विचारलेच नव्हते. ज्या वाचकांना आपल्या घराण्याच्या नोंदीतील आजी-पणजीचे नाव ठाऊक असेल त्यांनी ते कळवावे, आणि लग्नात ते बदलले असल्यास माहेरचे व सासरचे अशी दोन्ही कळवावीत. पुढील आवृत्तीत माहेरचे आधी छापले जाईल.